स्टॉपरच्या नावावर

अंधेरीच्या शहाजी राजे क्रीडा संकुलात मुंबई सिटीचा फुटबॉल सामना बघायला येणारे बहुतेक जण चेंडूबरोबर मान फिरवतात. बरोबरच आहे, पैसे चेंडूसाठीच मोजलेले असतात. मला मात्र चेंडू नसतो तिकडे बघायची खोड आहे. मुंबईचा विंगर छांगटे उजवीकडून सुसाट निघालेला असतो, सगळं स्टँड उभं राहिलेलं असतं, आणि मी मागे, आपल्याच अर्ध्या भागात रेंगाळणाऱ्या एका माणसाकडे बघत असतो. २०२३ ते २०२५ या दोन मोसमांत तो माणूस म्हणजे तिरी, मुंबईचा स्पॅनिश स्टॉपर, म्हणजे बचावफळीच्या मध्यभागी उभा राहणारा.

आपला संघ चढाईवर असताना तिरी सावकाश चालत मध्यरेषेकडे सरकायचा. उजव्या खांद्यावरून एकदा मागे बघायचा, मग डाव्या. समोरच्या संघाचा जो आघाडीवीर परत न जाता पुढेच घुटमळतोय, त्याच्यापासून हातभर अंतर ठेवायचा, चिकटायचा नाही. शेजारच्या मेहताब सिंगला हाताने खुणावायचा, दोन पावलं पुढे ये. मग चेंडू हरवायचा, समोरून लांब पास यायचा आणि तो पास जिथे पडायचा तिथे हा आधीच उभा. छातीवर घेतला, बाजूच्याला दिला, पुन्हा चालायला लागला. टाळ्या नाहीत, कारण टाळ्या वाजवण्यासारखं काही घडलेलंच नसतं. घडू दिलेलं नसतं.

समोर पळून, घसरून, चिखलात लोळून टॅकल करणारा स्टॉपर लोकांना आवडतो. माझं मत उलटं आहे. ज्याला सारखं लोळावं लागतं, तो आधी कुठेतरी चुकीच्या जागी उभा होता. तिरीची शॉर्ट्स सामना संपताना बऱ्याचदा स्वच्छ असायची.

त्याचं पूर्ण नाव होसे लुईस एस्पिनोसा आरोयो. जन्म जुलै १९९१चा, दक्षिण स्पेनमधल्या कादिस प्रांतातला. अटलांटिक आणि भूमध्य समुद्र जिथे भेटतात तो हा मुलूख. सामुद्रधुनीपलीकडे मोरोक्कोचे डोंगर दिसतात. ट्यूनाची पिढीजात मासेमारी, जहाजबांधणीचे कारखाने, आणि ते कारखाने मंदावल्यापासून पाचवीला पुजलेली बेकारी. २००८च्या मंदीनंतर स्पेनमध्ये पंचविशीच्या आतली, काम शोधणारी निम्म्याहून जास्त मुलं रिकामी बसली होती. कादिसचं नाव त्या यादीत कायम वर.

फुटबॉल त्यातून सुटला असेल असं आपल्याला वाटतं, कारण आपण स्पेनचा फुटबॉल म्हणजे बार्सिलोना आणि रेआल माद्रिद एवढाच धरतो. ऑगस्ट २०११मध्ये तिथल्या खेळाडूंच्या संघटनेने थकलेल्या पगारांसाठी संप केला आणि ला लिगाची पहिली फेरी पुढे ढकलावी लागली. मेस्सी आणि रोनाल्डो खेळत होते त्या लीगमध्ये, विश्वचषक जिंकून जेमतेम वर्ष झालेल्या देशात. ही वरच्या स्तरांची कथा. तिसऱ्या स्तरावर, म्हणजे सेगुंदा बीमध्ये, चार गटांत मिळून ८० संघ खेळायचे. प्रत्येक संघात चार-पाच तरी स्टॉपर. प्रत्येकाला चेंडू नीट पास करता येतो, प्रत्येकाला ऑफसाइडची रेषा कळते. अशा देशात चांगला असून भागत नाही.

तिरी अ‍ॅटलेटिको माद्रिदच्या दुसऱ्या संघात होता. पहिल्या संघात त्या वेळी प्रशिक्षक दिएगो सिमिओनेने उभी केलेली बचावफळी होती आणि मध्यभागी दिएगो गोदिन आणि मिरांदा. २०१४ला त्या संघाने बार्सिलोना आणि रेआलला मागे टाकून ला लिगा जिंकली, ती याच दोघांच्या जिवावर. मिरांदा गेला तेव्हा होसे मारिया हिमेनेस तयार होता. म्हणजे आपल्या हिरोला वर चढायची वाट जगातल्या त्या वेळच्या सर्वोत्तम स्टॉपरांनी अडवलेली, आणि खालची जमीनही पक्की नव्हती. २०१५ला अ‍ॅटलेटिकोचा दुसरा संघ तिसऱ्या स्तरावरूनही घसरून चौथ्यावर गेला.

याच अ‍ॅटलेटिकोची तेव्हा आयएसएलमधल्या, म्हणजे आपल्या इंडियन सुपर लीगमधल्या, कोलकात्याच्या क्लबमध्ये भागीदारी होती. क्लबचं नावच अ‍ॅटलेटिको दे कोलकाता, लाल-पांढऱ्या पट्ट्यांची जर्सी, प्रशिक्षक स्पॅनिश, अंतोनियो लोपेस हबास. २०१५ला २४ वर्षांचा तिरी त्या संघात आला.

इथे वय महत्त्वाचं आहे. आयएसएलच्या पहिल्या दिवसांत आपल्याकडे स्पेनमधून आणि बाकी युरोपातून यायचे ते बहुतेक पस्तिशीला टेकलेले. नाव मोठं, गुडघे थकलेले. त्यात वाईट काही नाही, काही जणांनी तर मनापासून खेळून दाखवलं. एफसी गोव्याचा कार्लोस पेन्या घ्या. बार्सिलोनाच्या तालमीत वाढलेला, बायादोलिदसाठी वर्षानुवर्षं खेळलेला हा बचावपटू २०१८ला गोव्यात आला तेव्हा ३५ वर्षांचा होता. दोन मोसम खेळला, त्यात गोव्याने सुपर कप आणि साखळीतलं अव्वल स्थान मिळवलं. निवृत्त झाला आणि २०२२ला त्याच क्लबचा प्रशिक्षक म्हणून परत आला. छान, गोल कथा. पण पेन्या स्पेनमध्ये आयुष्य काढून आला होता. तिरीने आयुष्य काढायचं ते इथेच. चोविसाव्या वर्षी भारतात खेळायला येणं म्हणजे युरोपातल्या खेळाडू हेरणाऱ्या स्काउटांच्या वहीतून आपलं नाव आपणच खोडण्यासारखं होतं, आणि तेव्हा आपली लीगही काय, दसरा-दिवाळीच्या सुमारास सुरू होऊन नाताळाआधी संपणारी. अडीच महिन्यांची नोकरी.

२०१६ला हबासच्या जागी होसे मोलिना आला. हा एके काळी अ‍ॅटलेटिकोचा गोलकीपर. कोलकात्याने त्या वर्षी कोचीत, केरळाच्या पिवळ्या जर्सीतल्या प्रेक्षकांच्या समुद्रासमोर, पेनल्टी शूटआउटवर करंडक जिंकला. तिरी त्या विजेत्या संघात होता. हबास आणि मोलिना ही दोन्ही नावं लक्षात ठेवा, पुढे लागतील.

परदेशी खेळाडूंच्या मर्यादेबद्दल थोडं सांगायला हवं, त्याशिवाय स्टॉपरची अडचण समजत नाही. २०१४ला आयएसएल सुरू झाली तेव्हा मैदानावर एका वेळी सहा परदेशी चालायचे. २०१७-१८पासून पाच. २०२१-२२पासून चार. भारतीय खेळाडूंच्या दृष्टीने हे योग्यच झालं. पण आता मालकाच्या खुर्चीत बसून विचार करा. चार जागा आहेत. एक गोल मारणारा हवाच, भारतीय सेंटर फॉरवर्ड सुनील छेत्रीनंतर शोधावा लागतो. एक त्याला चेंडू पुरवणारा. एक मध्यभागी इंजिन चालवणारा. उरली एक. ती स्टॉपरला द्यायची म्हणजे आघाडीवरची एक जागा कमी करायची. शेजारच्या क्लबने ती जागा पंधरा गोल मारणाऱ्याला दिलीय आणि तुम्ही ती गोल होऊ न देणाऱ्याला देताय. पंधरा गोल मोजता येतात. न झालेले गोल कोण मोजतंय? आणि हा प्रश्न क्लब दर वर्षी, दर कराराच्या वेळी नव्याने विचारतात. त्या मोजक्या जागांपैकी एक तिरीला चार क्लबांनी मिळून जवळजवळ दहा वर्षं दिली. माझ्या लेखी त्याच्या कारकिर्दीचा खरा आकडा हाच, आणि तो कुठल्याही तक्त्यात छापलेला नसतो.

जमशेदपूरची तीन वर्षं मला सर्वांत आवडतात. २०१७ला टाटा स्टीलने क्लब काढला, तिरी पहिल्याच वर्षी तिथे गेला. प्रशिक्षक इंग्लंडचा स्टीव्ह कॉपेल, कमी बोलणारा, हिशेबी माणूस. नव्या क्लबचे पहिले तीन सामने कसे सुटले ठाऊक आहे? ०-०, ०-०, ०-०. समालोचक कंटाळले, समाजमाध्यमांवर लोकांनी टर उडवली. चौथा सामना १-०ने जिंकला. पोलाद कारखान्याच्या गावाला शोभेल असाच तो फुटबॉल होता. कोलकात्याचा गोंगाट नाही, मुंबईचा झगमगाट नाही. संध्याकाळी जेआरडी टाटा संकुलात पाळी संपवून आलेली माणसं, पोराबाळांसकट.

२०१९ला त्या संघात कोल्हापूरचा अनिकेत जाधव आला. सतरा वर्षांखालचा विश्वचषक भारतात झाला तेव्हा तो भारताकडून खेळला होता. कोल्हापूरकरांना फुटबॉल सांगायची गरज नाही. शाहू स्टेडियमवर पाटाकडील तालीम आणि प्रॅक्टिस क्लबचा सामना असला की अर्धं गाव बंद. पण तिथली तालमीची ईर्ष्या आणि व्यावसायिक क्लबमधला सराव यांत फरक असतो. सरावात अशा पोरांच्या वाट्याला रोज समोर तिरीसारखा स्टॉपर येतो, आणि पोरगं काय शिकतं ते कुठल्याही प्रशिक्षकाच्या फळ्यावर मावत नाही. परदेशी खेळाडूवर खर्च कशाला, असं विचारणाऱ्यांना मी हे उत्तर देतो. त्यांना ते फारसं पटत नाही, हेही सांगून टाकतो.

मग १३ मार्च २०२१.

कोविडमुळे तो अख्खा मोसम गोव्यात, फातोर्डा, बांबोळी आणि वास्कोच्या टिळक मैदानावर, प्रेक्षकांविना उरकला होता. तिरी आता मोहन बागानकडे होता, तेव्हा त्या नावाआधी एटीके लागायचं. प्रशिक्षकाच्या बाकावर पुन्हा हबास. तिरी आणि संदेश झिंगन यांच्या जोडीमुळे त्या संघाने साखळीतल्या २० सामन्यांत फक्त १५ गोल खाल्ले होते. मुंबई सिटीचेही गुण तेवढेच, ४०. गोलफरकावर मुंबई वर राहिली. आणि अंतिम सामन्यात, फातोर्ड्याच्या रिकाम्या खुर्च्यांसमोर, हेच दोन संघ.

डेव्हिड विल्यम्सने १८व्या मिनिटाला मोहन बागानला पुढे नेलं. २९व्या मिनिटाला मुंबईच्या अहमद जाहूने मागून एक लांब चेंडू उचलला. बिपिन सिंग त्यावर सुटला. तिरी त्याच्या बरोबरीने, आपल्याच गोलकडे तोंड करून पळतोय. चेंडू डोक्यामागून येतोय. स्टॉपरला सर्वांत नकोसा प्रसंग हाच. समोरून आलेला चेंडू जिकडून आला तिकडे परत पाठवता येतो, मागून आलेल्याला फक्त दिशा देता येते. सोडून द्यावा तर बिपिन टपून आहे. गोलकीपरकडे सारावा तर गोलकीपर कुठे आहे ते बघायला वेळ नाही. तिरीने अंग झोकून डोकं लावलं. गोलकीपर अरिंदम भट्टाचार्य तोवर पुढे निघून आला होता. चेंडू त्याच्या डोक्यावरून टप्पा घेत जाळ्यात.

मी मुंबईचा, त्यामुळे ओरडलोच. पण ते रिप्ले मी नंतर पुष्कळदा बघितलं आहे आणि दर वेळी त्याच्या जागी दुसरं काय करता आलं असतं ते शोधतो. फार काही सापडत नाही. शेवटच्या मिनिटाला अरिंदमकडून चेंडू निसटला, बिपिनने गोल मारला, मुंबई २-१. अमेय रानवडेच्या डोक्याला जबर मार लागून त्याला पहिल्या अर्ध्यातच रुग्णवाहिकेतून नेलं होतं, त्यामुळे त्या रात्री आनंदाला काळजीची किनार होती. दुसऱ्या दिवशी सगळीकडे एकच वाक्य: तिरीच्या स्वयंगोलने मुंबईला परत आणलं. त्या मोसमात त्याने डोक्याने बाहेर काढलेले शेकडो चेंडू कोणाला आठवत नव्हते. क्रिकेटमध्ये विकेटकीपरच्या हातून निसटलेल्या बाय निदान वेगळ्या खान्यात जातात, स्टॉपरचा स्वयंगोल मात्र नावानिशी छापतात, गोल मारणाऱ्यांच्याच यादीत, शेजारी एक कंस टाकून.

त्यानंतरचा फटका शरीराला बसला. मे २०२२, एएफसी कप ही आशियाई क्लबांची स्पर्धा, कोलकाता, समोर गोकुलम केरळा. मोहन बागान ४-२ने हरला आणि तिरीचा गुडघा गेला. गुडघ्यातला जो अस्थिबंध मांडीचं हाड आणि नडगी एकमेकांवरून सरकू देत नाही, तोच. शस्त्रक्रिया, मग स्नायू पुन्हा उभे करणं, मग हळूहळू पळणं, मग वळणं. आठ-नऊ महिने सहज जातात. आपला गडी तोवर तिशी ओलांडलेला. क्लबने त्याच उन्हाळ्यात फ्लोरेन्तिन पोग्बा आणि ब्रेंडन हॅमिल असे दोन परदेशी बचावपटू आणले. क्लबला दोष देता येणार नाही, जागा मोजक्या आणि मोसम तोंडावर. मार्च २०२३मध्ये फातोर्ड्यातच मोहन बागानने करंडक उचलला, तेव्हा त्या अकरात तिरी नव्हता.

परमुलखात दुखापतीत काढलेलं वर्ष काय असतं, ते मर्चंट नेव्हीत किंवा आखातात असलेल्यांच्या घरी कळतं. आमच्या कुटुंबात असे दोघे आहेत. करार चालू असतो तोवर सगळे आपले. अंग धरलं की पहिला विचार येतो तो पुढच्या कराराचा, दुखण्याचा नंतर. फुटबॉलपटूला पैसे जास्त मिळतात हे खरं, पण त्याची नोकरी पस्तिशीला संपते हेही खरं.

म्हणून २०२३ला मुंबई सिटीने त्याला घेतलं तेव्हा माझ्या ओळखीच्या बहुतेकांनी कपाळावर हात मारला. बत्तिसाव्या वर्षी, शस्त्रक्रिया झालेल्या गुडघ्याचा स्टॉपर, तोही आशियाई चँपियन्स लीगच्या वर्षी! त्या स्पर्धेत मुंबईची धूळधाण झालीच. बालेवाडीत इराणच्या नस्साजीकडून हार, रियाधमध्ये अल हिलालकडून ६-०, नवी मुंबईत पुन्हा हार. सहाच्या सहा सामने गेले. मधेच प्रशिक्षक डेस बकिंगहॅम इंग्लंडला परतला आणि चेक प्रजासत्ताकाचा पेत्र क्रात्की आला. असल्या वर्षात बचावफळीचं काय होतं ते आपण इतर क्लबांत बघितलंय. रोज नवी जोडी, रोज नवा दोषी.

इथे ते झालं नाही. कर्णधार राहुल भेके, मेहताब, तिरी. १५ एप्रिल २०२४ला कोलकात्याच्या सॉल्ट लेकवर मोहन बागानने मुंबईला २-१ने हरवून साखळीत अव्वल येणाऱ्याला मिळणारी लीग शिल्ड नेली. तीन आठवडेही झाले नव्हते, ४ मे रोजी त्याच मैदानावर, साठ हजारांहून जास्त लोकांसमोर, अंतिम सामना पुन्हा त्याच दोघांत. समोरच्या बाकावर कोण? हबास. तिरीला भारतात पहिल्यांदा खेळवणारा, फातोर्ड्याच्या रात्रीही त्याच्याच बाजूला उभा असलेला. जेसन कमिंग्जने मध्यंतराआधी मोहन बागानला पुढे नेलं. मग पेरेरा दियास, बिपिन आणि अगदी शेवटी याकुब वोयतुस. मुंबई ३-१.

दुसऱ्या दिवशी जो तो लिहीत होता की तिरीने फातोर्ड्याचं उट्टं काढलं. मला हे वाक्य तेव्हाही खटकलं. उट्टं कोणावर? २०२१ला तो हरला ते मुंबईविरुद्ध, आणि २०२४ला जिंकला तो मुंबईकडूनच, मोहन बागानविरुद्ध, ज्यांनी त्याचं काही वाकडं केलं नव्हतं. आपल्याला कथा हवी असते म्हणून आपण सूड शोधतो. त्याने त्या रात्री दुसऱ्या अर्ध्यात जे केलं ते बघितलं तर सूडबिड काही दिसत नाही. मुंबई पुढे गेल्यावर मोहन बागानने उंच चेंडूंचा मारा सुरू केला, तेव्हा बचावाची रेषा खोल जाऊ द्यायची नाही, एवढं एक काम. साठ हजार लोक ओरडत असताना शेजारच्याला ऐकू जाणार नाही, म्हणून हाताने. पुढे ये. अजून एक पाऊल. थांब.

पुढचा मोसम १३ सप्टेंबर २०२४ला सुरू झाला. सलामीचा सामना, पुन्हा सॉल्ट लेक, पुन्हा मोहन बागान. त्यांच्या बाकावर या वेळी मोलिना, २०१६ला कोचीत तिरीला विजेता करणारा. नवव्या मिनिटाला डावीकडून आलेला चेंडू तिरीला लागून आपल्याच जाळ्यात गेला. फोनवर मेसेज सुरू झाले, काही छापण्यासारखे नव्हते. २८व्या मिनिटाला मोहन बागानचा नवा स्पॅनिश स्टॉपर अल्बेर्तो रोद्रिगेस याने दुसरा मारला. ७०व्या मिनिटाला गर्दीत सुटा पडलेला चेंडू तिरीने गोलमध्ये ढकलला, या वेळी योग्य बाजूच्या. आणि ९०व्या मिनिटाला बरोबरी साधली ती मुंबईच्या सीरियन स्टॉपरने, थाएर क्रूमाने, पहिल्याच सामन्यात. २-२. दोन्ही संघांनी आघाडीवर ओतलेल्या पैशांतून त्या रात्री एक गोल निघाला नाही. चारही गोल परदेशी स्टॉपरांच्या नावावर लागले, त्यातले दोन एकट्या तिरीच्या, दोन्ही बाजूंना एकेक. मोहन बागानला मानणारा माझा चेंबूरचा मित्र रात्री उशिरा फोन करून म्हणाला, तुमच्या त्या म्हाताऱ्याला एकदा विचारून घ्या, खेळतोय कोणाकडून.